नान्सीचं 'एकोल द नान्सी' संग्रहालय: झाडं ओळखणाऱ्यांनी जावंच

मी कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवते. फुलापानांची नक्षी दिसली की माझं लक्ष आधी जातं ते पान देठाला कसं जोडलंय तिकडे. फ्रान्समधल्या नान्सी शहरात निसर्गाच्या आकारांवरून काचकाम, फर्निचर करणाऱ्या कलाकारांचा एक गट होता, 'एकोल द नान्सी', म्हणजे 'नान्सीची शाळा'. त्यांच्या कामाच्या या संग्रहालयात तो तपशील जागोजागी अचूक सापडला आणि फार आनंद झाला.

एमिल गाले काचकाम आणि फर्निचर करायचा, पण वनस्पतींचा अभ्यासकही पक्का. त्याचा 1902च्या सुमाराचा अळंब्यांचा दिवा आधी गाठा. एक अळंबी मिटलेली, दुसरी उमलू लागलेली, तिसरीची छत्री पूर्ण उघडलेली. वाढीचे टप्पे वर्गात मी फळ्यावर काढते, ते इथे काचेत उभे आहेत! कोथिंबीर-बडीशेपेच्या कुळातली छत्रीसारखी फुलं त्याला विशेष प्रिय होती. त्यांचे शिरा असलेले दांडे त्याच्या फर्निचरला चक्क आधार देतात.

त्याचा 1904चा पलंग मात्र निवांत बघायचा. पायथ्याशी दोन कीटक समोरासमोर, पंखांत शिंपल्याचं जडावकाम. उशाशी संध्याकाळ उतरवणारा मोठा पतंग. त्याच वर्षी गाले गेला.

हे सगळं नान्सीतच का फुललं? 1871मध्ये युद्ध हरल्यावर फ्रान्सचा आल्सास प्रांत आणि लॉरेन प्रांताचा काही भाग जर्मनीकडे गेला, नान्सी फ्रान्सकडे राहिलं. पलीकडची कितीतरी माणसं, कारखानदार इथे आले. काचेसाठी नावाजलेलं दोम कुटुंबही त्यांतलंच. 1901मध्ये गालेच्या अध्यक्षतेखाली या सगळ्यांची 'एकोल द नान्सी' ही संघटना झाली. हरवलेल्या भूमीचं दुःख गालेच्या 1889च्या 'ऱ्हाईन' टेबलावरही आहे (ऱ्हाईन ही आल्सासच्या सीमेवरची नदी). कारागिरी थोर, पण मला ते फार भरगच्च वाटलं. संदेश लाकडाला जड झालाय.

याच गटातल्या व्हालँ या फर्निचर करणाऱ्या कलाकाराने केलेली जेवणाची खोली छतासकट इथे आहे, ती चुकवू नका. बागेत गालेच्या कारखान्याचं ओक लाकडाचं दारही आहे. 'माझं मूळ रानाच्या खोल गाभ्यात आहे', असं त्यावर कोरलंय.

वेळ हाताशी ठेवा, कारण याच गटातल्या माजोरेल या फर्निचर करणाऱ्या कलाकाराचं 1901-02मध्ये बांधलेलं घरही याच शहरात आहे. तिथे दारावर, जिन्यात लुनारिया या फुलझाडाच्या चपट्या, गोल शेंगा शोधा. आणि जेवायला स्टेशनजवळच्या एक्सेल्सिअरमध्ये बसलात, तर वर बघा, छतावर नेचे आहेत.