किनुगासाचे दोन वेडे: आधी 'जुजिरो' की 'जिगोकुमोन'?

जपानी दिग्दर्शक तेइनोसुके किनुगासाचे हे दोन सिनेमे, मध्ये 25 वर्षं. 'जुजिरो' 1928चा मूकपट, 'जिगोकुमोन' 1953चा, रंगीत. दोन्हींचा छायालेखक एकच, कोहेइ सुगियामा. दोन्ही साधारण दीड तासाचे, आणि दोन्हींत न मिळणाऱ्या बाईपायी भान हरपलेला पुरुष.

कोणालाही विचारलंत तर 'जिगोकुमोन'च सुचवतील. 1954 साली कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक, मग परभाषी चित्रपटाचं मानद ऑस्कर, शिवाय वेशभूषेचं. बाराव्या शतकातल्या बंडाच्या धुमाळीत सामुराई मोरितो केसा नावाच्या स्त्रीला वाचवतो आणि बक्षीस म्हणून तिलाच मागतो. ती विवाहित आहे, हे कळूनही हट्ट सुटत नाही. रंग असे, की किमोनोवरून नजर हलत नाही. माचिको क्योची केसा मोजकं बोलते आणि लक्षात राहते. मोरितोबद्दल मात्र माझी कुरकुर आहे. तो सुरुवातीपासून एकाच पट्टीत पेटलेला. त्याचं वेड आपण लांबून, एखाद्या सुंदर चित्रासारखं बघत बसतो.

'जुजिरो' असं लांब बसू देत नाही. योशिवारा ही एदोची, म्हणजे आजच्या टोकियोची, बदनाम वस्ती. तिथल्या ओउमे या बाईवर रिकिया या तरुणाचा जीव जडलेला. प्रतिस्पर्ध्याशी झालेल्या मारामारीत डोळ्यांत राख जाऊन तो आंधळा होतो, आपल्या हातून खून झाला असं समजून बहिणीच्या आसऱ्याला येतो. त्याला जे भासतं तेच पडद्यावर येतं: चेहरे, दिवे, वर्तुळं, सगळं एकमेकांत कालवलेलं. काळ जुना, पण तलवारबाजीची हौस नाही.

आणि खरं तर हा सिनेमा बहिणीचा आहे. शिवणकाम करून पोट भरणारी ती बाई, भावाच्या वेडाची किंमत तिच्याकडून वसूल होत जाते. किनुगासा दिग्दर्शक होण्याआधी पडद्यावर स्त्रीभूमिका करायचा. आपल्या संगीत नाटकांतल्या स्त्रीपार्टी नटांची आठवण असलेल्यांना यात नवल वाटणार नाही. मला उगाच वाटतं, बहिणीकडे बघण्याची ही नजर तिथून आली असावी.

माझं मत 'जुजिरो'ला. मूकपटाची सवय नसेल तर पहिली वीस मिनिटं जड जातील, तेवढी काढा. 'जिगोकुमोन' बघायचाच असेल, तर 2011च्या पुनरुज्जीवनानंतरचीच प्रत शोधा. विटलेल्या प्रतीत रंग जातात, आणि रंग गेले की त्या सिनेमात केसाशिवाय फारसं काही उरत नाही.