जुनी मासिकं: बांधावीत की पेटीत सुटी ठेवावीत?

बडोद्याला मध्यवर्ती ग्रंथालय १९१० साली मिळालं. इथली जुनी मराठी मासिकं टिकायलाच हवीत.

वर्षाचे बारा अंक एकत्र बांधले की सुटा अंक हरवत नाही, शोधणंही सोपं. पण बाइंडरने कडा जास्त कापल्या तर मजकूर जातो, मुखपृष्ठं आणि जाहिराती तर बरेचदा आधीच काढलेल्या असतात. शिवण आतल्या समासात घट्ट बसली की स्कॅन करताना ओळींची टोकं दिसत नाहीत. खळीला कसर लागते ती वेगळीच.

सुटे अंक आम्लमुक्त पुठ्ठ्याच्या पेटीत आडवे ठेवावेत. गंजलेल्या पिनांचे पाय आधी पातळ पात्याने सरळ करा, मगच काढा. ओढल्यास कागद फाटतो. पावसाळ्यात पेटी भिंतीला टेकवू नका. अंक गहाळ होण्याची भीती खरी, म्हणून झाकणावर यादी चिकटवा. सतत हाताळले जाणारे अलीकडचे अंक खुशाल बांधा. ठिसूळ, पिवळे पडलेले मात्र पेटीतच.