छातीरोग विभागाची मंगळवारची ओपीडी: दीड वर्षाचा अनुभव

गेल्या दीड वर्षात मी आईला घेऊन पश्चिम महाराष्ट्रातल्या एका शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात, छातीरोग विभागाच्या मंगळवारच्या ओपीडीत सात वेळा गेलो. ज्यांच्या घरात कोणाला जिना चढताना धाप लागते, खोकला महिनोन्‌महिने हटत नाही आणि इंजेक्शन घेतले की चार दिवस बरे वाटून पुन्हा तेच सुरू होते, त्यांना उपयोग व्हावा म्हणून या सेवेबद्दल सविस्तर लिहीत आहे.

आईचे वय 68. विडी-तंबाखूला तिने कधी हात लावला नाही, त्यामुळे गावाजवळच्या दवाखान्यात सहा वर्षे ‘दमा आहे’ एवढेच सांगून औषधे बदलत राहिली. फुंकून घ्यायची तपासणी मात्र कोणी केली नाही. इथे पहिल्याच दिवशी स्पायरोमेट्रीला बसवले. नाकाला चिमटा लावून कागदी नळी ओठांत घट्ट धरायची, छाती भरून श्वास घ्यायचा आणि एका दमात, जोराने, निदान सहा सेकंद सोडत राहायचे, असे ते काम असते. तंत्रज्ञ ‘सोडा, सोडा, अजून सोडा’ म्हणत होते, पण आई दोन्ही वेळा खोकून मध्येच थांबली. तेव्हा विभागातल्या ज्येष्ठ डॉक्टर मॅडम स्वतः उठून आल्या आणि म्हणाल्या, “मावशी, ओल्या लाकडाचा जाळ धरत नसला की फुंकणीतून कशी फुंकर घालता, तशी घाला. मी म्हणेपर्यंत थांबायचं नाही.” तिसऱ्या वेळी आलेख नीट उमटला. नळी खाली ठेवायच्या आतच मॅडमनी विचारले, “किती वर्षं फुंकली चूल?” आई म्हणाली, “लग्न झाल्यापासून. पन्नास वर्षं झाली असतील.”

माझ्या मते आईच्या आजाराचे अर्धे निदान त्या प्रश्नात झाले. उरलेले अर्धे साल्बुटामॉल या श्वासनलिका मोकळ्या करणाऱ्या औषधाचे चार पफ देऊन, पंधरा मिनिटे थांबवून पुन्हा फुंकायला लावल्यावर झाले. जोराने सोडलेल्या एकूण श्वासापैकी पहिल्या सेकंदात किती बाहेर पडतो, त्याचे प्रमाण औषधानंतरही 0.70 च्या खाली राहिले तर श्वासनलिका कायमच्या अरुंद झाल्या असे धरतात. आईचे प्रमाण आधी 0.55 होते, नंतर 0.56. दम्यात हे आकडे औषधानंतर बहुधा चांगले वर चढतात, इथे ते जागचे हलले नाहीत. आजाराचे नाव सीओपीडी, म्हणजे श्वासनलिका कायमच्या अरुंद होण्याचा जुनाट आजार, आणि कारण चुलीचा धूर, हे मॅडमनी कागदावर फुप्फुसाचे चित्र काढून आईला समजावले. घरात गॅस आहे, असे मी सांगितले, तर त्यांनी आंघोळीचे पाणी कशावर तापते ते विचारले. ते चुलीवरच तापत होते.

दुसऱ्या भेटीत मॅडमनी सर्वांत आधी पिशवीतला इन्हेलर बाहेर काढायला लावला आणि “माझ्यासमोर घ्या” म्हणाल्या. आईने आधी श्वास घेतला, मग कळ दाबली, आणि औषधाचा पांढरा फवारा तोंडातून तसाच बाहेर आला. महिनाभराचे औषध असेच हवेत गेले होते. मॅडमनी न रागावता इन्हेलरला स्पेसर, म्हणजे फवारा धरून ठेवणारी पोकळ नळी, जोडून दिला, सावकाश श्वास घेऊन दहा अंक मोजेपर्यंत धरायला शिकवले, स्टेरॉइडच्या इन्हेलरनंतर चूळ भरायची आठवण दिली आणि तीन वेळा करून दाखवायला लावले. एवढी गर्दी असताना एका रुग्णासाठी सात-आठ मिनिटे देणे ही लहान गोष्ट नाही.

या विभागात त्यांची जवळजवळ तीस वर्षे गेली आहेत. क्षयाच्या गोळ्या आठवड्यातून तीनदा समोर बसवून देण्याची पद्धत त्यांनी राबवली, रोजच्या गोळ्यांचा बदल पाहिला, 2009 चा स्वाइन फ्लू आणि 2020 चा कोरोना याच वॉर्डात काढला. थुंकीतल्या जंतूंची वाढ होऊन अहवाल यायला पूर्वी आठवडे जात. आता सीबीनॅट या यंत्रावर क्षय आहे का आणि रिफाम्पिसिन हे त्यावरचे मुख्य औषध चालेल का हे साधारण दोन तासांत कळते, हे त्या आनंदाने सांगतात. एकदा आमच्या पुढचा एक तरुण दुसऱ्याच महिन्यात गोळ्या सोडायच्या बेतात होता. मॅडमनी त्याला सांगितले की शिकत असताना त्यांच्याही छातीत क्षयाचे पाणी झाले होते, सहा महिने त्यांनीही याच गोळ्या खाल्ल्या आणि मळमळ काय असते ते त्यांना ठाऊक आहे. तो मुलगा गोळ्यांचे पाकीट घेऊनच उठला. तेव्हापासून खोलीच्या सताड उघड्या खिडक्यांकडे आणि डॉक्टरांच्या पाठीमागून रुग्णाच्या दिशेने, पुढे खिडकीबाहेर वारा जाईल असा ठेवलेल्या पंख्याकडे मी वेगळ्या नजरेने पाहतो. असे आजार अंगावर घेऊन ही माणसे रोज कामाला येतात.

माझा भाऊ ऑक्सिजनचे यंत्र विकत घ्यायला निघाला होता. मॅडमनी त्याला फोनवरच थांबवले. बसल्या जागी आईच्या रक्तातला ऑक्सिजन 93 टक्के आहे. तो 88 किंवा त्याखाली टिकून राहिला, तरच दिवसाला किमान 15 तास यंत्र लावण्याचा उपयोग होतो, असे त्यांनी सांगितले. त्याऐवजी दरवर्षी फ्लूची लस आणि रोज चालणे यांवर त्यांचा भर आहे. मोठा खर्च करू नका असे सांगणारे डॉक्टर मला तरी क्वचितच भेटले आहेत.

उणिवा आहेत, आणि त्या रुग्णांना जाचतात. केसपेपरच्या रांगेत सकाळी आठला उभे राहिले तरी नंबर लागायला साडेबारा वाजतात, आणि धाप लागणाऱ्या माणसांसाठी बाकडी अपुरी आहेत. ज्याचा परिणाम दीर्घकाळ टिकतो तो इन्हेलर रुग्णालयाच्या औषध खिडकीवर सातपैकी तीन वेळा नव्हता, बाहेरून घ्यावा लागला. दार उघडे असल्यामुळे एकाचा आजार दुसऱ्याच्या कानावर जातो; त्या तरुणाचे बोलणे मी ऐकले ते असेच, आणि ते मला ऐकू यायला नको होते. सहा मिनिटे चालण्याच्या चाचणीसाठी 30 मीटरचा मोकळा बोळ लागतो, तिथे स्ट्रेचर उभी असतात. यातले काहीही मॅडमच्या हातात नाही.

आई आता थांबत थांबत का होईना, देवळापर्यंत चालत जाते आणि पाणी गॅसवर तापते. जाणाऱ्यांनी जुने एक्स-रे बरोबर न्यावेत, घरातले सगळे इन्हेलर, संपलेलेसुद्धा, पिशवीत टाकावेत, आणि रुग्णाने आयुष्यभर काय काम केले ते आठवून ठेवावे, कारण मॅडम ते विचारतातच.