चेहरा न दिसलेल्या नटाची कारकीर्द: गॉडझिला ब्लू-रे संच

१९५४ ते १९७५ या काळातले, गॉडझिला या अजस्र काल्पनिक राक्षसाचे १५ जपानी चित्रपट एकत्र देणारा आठ डिस्कचा ब्लू-रे संच २०१९ साली निघाला. मी तो घेतला तो राक्षसपटांच्या हौसेपेक्षा हारुओ नाकाजिमा या नटाचे काम सलग पाहता यावे म्हणून, आणि तेवढ्यासाठी तरी पैसे वसूल झाले. पहिल्या बारा चित्रपटांत, म्हणजे १९७२ पर्यंत, गॉडझिलाच्या पोशाखात नाकाजिमा आहेत. अर्थात १९६७ च्या चित्रपटात बरेचसे काम दुसऱ्याच नटाचे आहे.

पहिला पोशाख सुमारे शंभर किलोंचा होता. प्राण्याच्या अंगी अजस्रपणा यावा म्हणून कॅमेरा नेहमीपेक्षा जास्त वेगाने चालवून चित्रण केले जाई आणि ते नेहमीच्या वेगाने दाखवल्यावर पडद्यावर तीच हालचाल संथ दिसे. साहजिकच, एवढ्या ओझ्याखाली नटाला उलट नेहमीपेक्षा चपळाईने हलावे लागे. हे ठाऊक असले की टोकियोची नासधूस पाहताना नजर इमारतींवरून हटून त्या जड पावलांवर खिळते. १९६२ साली किंग काँगशी झालेली झुंज थेट कुस्तीच्या आखाड्यातली वाटते, तर १९६५ च्या चित्रपटात परग्रहावर विजय मिळताच गॉडझिला चक्क हातपाय वाकवून आनंदाने उड्या मारतो. काहींना तो पोरकटपणा वाटतो. मला मात्र रबराच्या आतला माणूस तिथेच सर्वांत जवळून भेटतो. शेवटच्या तीन चित्रपटांत तीन वेगळे नट आहेत आणि चालीतला फरक लगेच जाणवतो.

पूरक भागात नाकाजिमांची मुलाखत आहे, ती आधी पाहावी. किंग काँगच्या चित्रपटाची मूळ जपानी आवृत्ती मात्र याच पूरक भागात ढकलून मुख्य जागी अमेरिकी आवृत्ती ठेवली आहे, हे खटकते. शिवाय वेष्टन एवढे उंच आहे की साध्या फळीवर ते उभे राहत नाही.

गॉडझिलापुरताच संच असल्याने १९५६ चा रोदान आणि १९६६ चा गाइरा या दुसऱ्या राक्षसांच्या, नाकाजिमांनी केलेल्या दोन ठळक भूमिका यात नाहीत. गाइराच्या मुखवट्यातून त्यांचे स्वतःचे डोळे दिसतात. ते डोळे पाहण्यासाठी तो चित्रपट वेगळा मिळवावा लागेल.