सोलापुरी चादर, वाकळ आणि पांढरी बेडशीट: दहा महिन्यांच्या वापरानंतर

पलंग ७२ × ७८ इंच, गादी ८ इंच जाड, ठिकाण ठाणे. ऑक्टोबर ते जुलै या काळात एकच मांडणी रोज वापरली: गादीवर पांढरी सुती बेडशीट, वर पातळ सुती पांघरूण, पायथ्याशी आडवी सोलापुरी चादर, थंडीत त्याखाली वाकळ, आणि उशाशी चार उश्या व एक लोड. सकाळी अंथरूण लावायला तीन-चार मिनिटं लागतात. दहा महिन्यांनीही ते नीटनेटकं दिसतं. काय टिकलं, काय फसलं ते सविस्तर लिहितो.

आधी माप. पलंग बेंगरूळ दिसतो तो बहुतेक वेळा बेडशीट अपुरी पडल्यामुळे. रुंदीचा हिशोब असा: गादी ७२, दोन्ही बाजूंची जाडी मिळून १६, म्हणजे ८८ इंच तर नुसतं झाकायलाच लागतात. बाजारात ‘डबल’ म्हणून मिळणारी ९० × १०८ ची बेडशीट घेतली, तर दोन्हीकडे गादीखाली सारायला जेमतेम एकेक इंच उरतो आणि रात्रीत सगळं सुटून वर येतं. म्हणून १०८ × १०८ च घ्यावी. तीही पहिल्या दोन-तीन धुण्यांत आटते. आमची १०४ वर येऊन थांबली, त्यामुळे बाजूंना आठ-आठ इंच सारायला मिळतात. लांबीत मात्र ७८ अधिक १६ म्हणजे ९४ जातात आणि दोन्ही टोकांना मिळून दहाच इंच उरतात. त्यातले सहा पायथ्याला द्या, चार उशाकडे. पायांच्या हालचालीने सुटते ती पायथ्याचीच बाजू. गादी दहा इंची असेल तर लांबीत १०८ ची बेडशीटही तोकडी पडते. अशा वेळी मोठ्या पन्ह्याचं कापड मीटरवर घेऊन कडा शिवून घेतलेल्या बऱ्या.

कोपरे बसवायची पद्धत एकदा हाताला लागली की इलॅस्टिकच्या बेडशीटची गरज राहत नाही. पायथ्याची कड आधी गादीखाली सारा. मग कोपऱ्यापासून साधारण १५ इंचांवर बाजूची लोंबती कड धरून वर उचला आणि गादीवर त्रिकोण पडेल अशी ठेवा. खाली लोंबत राहिलेला तुकडा सारून टाका, वरचा त्रिकोण खाली सोडा, ताणा आणि तोही सारा. घडी ४५ अंशांत, सरळ रेघेत दिसते. तुलनेसाठी इलॅस्टिकची एक बेडशीटही अधूनमधून वापरली. सातव्या महिन्यात तिचं कापड ठणठणीत होतं, पण इलॅस्टिक सैल पडलं आणि कोपरे रोज निघायला लागले.

कापडाबद्दल स्पष्ट मत: कोकणपट्टीच्या दमट हवेत साधी, एक वर-एक खाली विणीची पर्केल घ्यावी. सॅटीन विणीत धागे पृष्ठभागावर लांब तरंगतात, म्हणून ती चमकते आणि फोटोत उठून दिसते. पण ती अंगाला चिकटते, उबदार लागते, आणि नखाने किंवा पैंजणाने धागा ओढला जातो. थ्रेड काउंट, म्हणजे एका चौरस इंचातल्या उभ्या-आडव्या धाग्यांची मिळून संख्या, २०० ते ३०० पुरेसा आहे. ६०० आणि ८०० चे आकडे बऱ्याचदा पीळ दिलेल्या धाग्यातला प्रत्येक पदर वेगळा मोजून काढलेले असतात. त्याने कापड जड होतं, मऊ होईलच असं नाही. ‘ग्लेस कॉटन’ नावाने जे मिळतं ते तर बहुधा पॉलिस्टरच असतं. शंका आली तर कडेचा एक धागा काढून चिमट्यात धरून जाळून पाहा. सुताला जळक्या कागदाचा वास येतो आणि भुसभुशीत राख उरते, पॉलिस्टर वितळून कडक मणी होतो. मिश्र धाग्याच्या बेडशीटवर काही महिन्यांत बारीक गोळे येतात, तेही पाठ आणि पाय जिथे घासतात नेमके तिथेच.

पर्केलची एकच तक्रार: ती चुरगळते. उपाय इस्त्रीचा नाही, वाळवण्याचा आहे. मशीनमधून निघाल्याबरोबर दोघांनी चार कोपरे धरून दोनदा झटकायची, ताणून दोरीवर टाकायची आणि किंचित ओलसर असतानाच काढून घडी घालायची. घडीवर रात्रभर दुसऱ्या बेडशीटचं वजन ठेवलं की पुरे.

आता सोलापुरी चादर. या मांडणीतला सगळ्यात आवडता भाग हाच. एकेरी चादर ६० × ९० इंचांची. ती लांबीने पलंगावर आडवी टाकायची आणि ६० इंचांच्या तीन घड्या करायच्या. २० इंचांचा पट्टा तयार होतो आणि ७२ इंची पलंगाच्या दोन्ही बाजूंना नऊ-नऊ इंच पडतो, म्हणजे गादीची जाडी बरोब्बर झाकली जाते. धुतल्यावर आमची चादर ८७ इंच झाली, तरी साडेसात इंच पडतेच. पट्टा पायथ्याच्या कडेपासून आठ-दहा इंच आत ठेवावा. अगदी कडेला ठेवला तर रोज घसरतो आणि पलंग आखूड दिसतो. जॅकार्ड विणीमुळे, म्हणजे नक्षी विणतानाच कापडात येत असल्यामुळे, एका बाजूला जो रंग नक्षीचा, तोच उलट बाजूला नक्षीमागच्या जमिनीचा. वरची घडी पाच-सहा इंच उलटी दुमडली की दोन्ही बाजू दिसतात आणि वेगळ्या सजावटीची गरज उरत नाही. पांढऱ्यावर गर्द लाल किंवा मोरपंखी, दोन्ही खुलतात. मात्र नक्षीची चादर आणि फुलाफुलांची बेडशीट एकत्र नको, डोळा ठरत नाही.

सोलापुरी चादरीला भौगोलिक मानांकन (जीआय, म्हणजे ठरावीक भागात बनलेल्या मालालाच ते नाव वापरायचा हक्क) आहे, तरी त्या नावाने मिश्र धाग्याचा मालही विकला जातो. वरची धाग्याची परीक्षा इथेही करावी. गर्द रंग पहिल्या तीन-चार धुण्यांत सुटतो. मिठाच्या पाण्याने तो पक्का होतो असं सांगतात, पण हल्लीच्या रंगांवर त्याचा भरवसा धरू नये. थंड पाण्यात वेगळी धुवावी, भिजत ठेवू नये, आणि उलटी करून सावलीत वाळवावी. लाल चादर ओली असताना पांढऱ्या बेडशीटवर ठेवली तर डाग पडतो आणि तो सहसा निघत नाही.

वाकळ डिसेंबर-जानेवारीत कामाला आली. जुन्या सुती साड्यांचे पाच-सहा थर आणि धावदोरा, वजनाला भारदस्त, पण घाम शोषणारी. घेताना टाक्यांच्या ओळींतलं अंतर पाहा. दोन ओळींत एक इंचापेक्षा जास्त जागा असेल तर धुताना आतले थर सरकून गोळा होतात. एका साडीचा जरी रंग सुटला तरी तो आतून वर येतो, म्हणून घेतल्यावर ओल्या पांढऱ्या फडक्याने दोन-तीन ठिकाणी घासून पाहावं. ओली वाकळ फार जड होते, लहान मशीनला झेपत नाही. टबात तुडवून धुवावी आणि दोन दिवस कडक ऊन असेल तेव्हाच. जूनपासून ती पलंगावर ठेवूच नये: आतल्या थरात ओल धरते आणि कुबट वास येतो. मे महिन्यात उन्हं दाखवून सुती खोळीत घालून ठेवली, ती अजून कोरडी आहे.

उश्यांचं गणित अनेकांचं चुकतं. नेहमीची उशी १७ × २७ इंच. दोन शेजारी ठेवल्या की ५४ इंच होतात आणि ७२ इंची पलंगावर १८ इंच उघडे राहतात. तिसरी बसत नाही. म्हणून मागे दोन उभ्या, पुढे दोन आडव्या, आणि मध्ये ३० इंच लांब, ८ इंच जाड लोड. ती मधली फट लोडाने झाकली जाते, आणि वाचताना पाठीलाही तोच लागतो. अभ्रे १८ × २८ चेच घ्यावेत, आत पाचेक इंचांची झडप असलेले. नेमक्या मापाचे आटल्यावर उशी तोंडातून बाहेर डोकावते. चौकोनी उशी ठेवायचीच असेल तर १६ इंची खोळीत १८ इंची भरण घाला, कोपरे भरलेले राहतात. पण अशा दोनपेक्षा जास्त नकोत, रात्री त्या जमिनीवरच जातात आणि धूळ घेऊन सकाळी परत येतात.

पांढऱ्या अभ्र्यांना डोक्याच्या तेलाने पिवळेपणा येतोच. धुण्याआधी दहा मिनिटं त्या जागेवर भांड्यांचं लिक्विड चोळलं तर निघतो. क्लोरीनचा ब्लीच वारंवार वापरू नये, सूत कमकुवत होतं. महिन्यातून एकदा नीळ पुरते. पावसाळ्यात बेडशीट वाळायला दोन दिवस लागतात, त्यामुळे दोन संच कमी पडले, जूनमध्ये तिसरा घ्यावा लागला. आणि गादीवर, बेडशीटखाली, एक जुनी सुती चादर कायम असू द्या. प्लॅस्टिकचा थर असलेलं गादीचं आवरण एप्रिलमध्ये आठवडाभर वापरलं. पाठ भिजत होती, म्हणून काढून टाकलं.