इनव्हिड-वीव्हेरिफाय: व्हायरल व्हिडिओचं मूळ शोधताना

१ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात जमावाने पाच जणांना मुलं पळवणारी टोळी समजून ठेचून मारलं. ते नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे, भिक्षा मागत फिरणारे लोक होते. त्या महिन्यांत देशभर एक क्लिप फिरत होती: मोटरसायकलवरचे दोघे गल्लीत खेळणारं पोर उचलून पळतात. मूळ चित्रफीत कराचीची, तिथल्या रोशनी हेल्पलाइन या संस्थेने पालकांना सावध करण्यासाठी केलेली. तिच्या शेवटी तेच दोघे मुलाला परत आणून सोडतात आणि फलक धरतात. तो शेवट कुणीतरी छाटला होता.

अशा क्लिपसाठी इनव्हिड-वीव्हेरिफाय हे क्रोम ब्राउझरला जोडायचं फुकट एक्स्टेन्शन कामाचं आहे. व्हॉट्सॲप वेबवरून व्हिडिओ संगणकावर उतरवा आणि एक्स्टेन्शनच्या ‘कीफ्रेम्स’ विभागात टाका. ते प्रत्येक दृश्यातली चित्रं वेगळी काढून देतं. त्यांतली दोन-तीन निवडून गूगल, यांडेक्स आणि टिनआय या चित्रावरून शोधणाऱ्या तिन्ही साइट्सवर शोधा. टिनआयवर ‘सर्वांत जुनं’ हा क्रम लावा. पण तिथली तारीख म्हणजे ते चित्र टिनआयला प्रथम कधी दिसलं एवढंच, चित्रीकरणाची नव्हे.

चुका बहुतेक चित्र निवडताना होतात. धावत्या गाडीचं पुसट चित्र घेतलं तर काही हाती लागत नाही. दुकानाची पाटी, नंबरप्लेट, भिंत स्पष्ट दिसेल तेच घ्या. वर चिकटवलेली मजकुराची पट्टी आधी कापून टाका, नाहीतर शोध त्या अक्षरांमागे जातो. सीसीटीव्हीसारखं एकसलग चित्रण असेल तर चित्रं मोजकीच निघतात, मग हवा तो क्षण थांबवून स्क्रीनशॉट घ्यावा लागतो.

‘मेटाडेटा’वर, म्हणजे फोटो कधी, कुठे, कशाने काढला या फाइलमधल्या नोंदींवर, वेळ घालवू नका. व्हॉट्सॲपवरून आलेल्या फोटोतली ती माहिती सहसा आधीच गळून गेलेली असते. फोटोतल्या फेरफाराच्या खुणा शोधणारा ‘फॉरेन्सिक’ विभागही जपून वापरा, वारंवार कॉम्प्रेस झालेल्या फोटोवर तो निर्दोष जागीही डाग दाखवतो. मोबाइलवरच सगळं करणाऱ्याला हे एक्स्टेन्शन उपयोगाचं नाही, त्याने स्क्रीनशॉट थेट गूगल लेन्सला द्यावा.

सर्वांत मोठी मर्यादा राईनपाड्याच्या वेळच्या त्या क्लिपमध्येच दिसते. त्यातलं प्रत्येक दृश्य मूळ चित्रफितीतलंच होतं, फक्त शेवट कापलेला होता. काय कापलंय हे कोणतंही एक्स्टेन्शन सांगत नाही. ते फक्त जुन्या प्रतींपर्यंत नेतं. म्हणून पहिल्याच सापडलेल्या प्रतीवर थांबू नका. सर्वांत जास्त लांबीची प्रत शोधा, ती आणि तुमच्याकडची क्लिप दोन्हींचे सेकंद मोजा आणि जास्तीचा भाग शेवटपर्यंत बघा.