मेनंद्रोस ते मिलिंद: ग्रीक नावाचा अर्थ सांगणाऱ्या साइटींची परीक्षा

नावांचे अर्थ सांगणाऱ्या साइटी आणि ॲप यांची पारख ‘गेओर्गिओस’सारख्या नावावर करण्यात अर्थ नाही. ‘गे’ म्हणजे जमीन, ‘एर्गोन’ म्हणजे काम, म्हणून गेओर्गिओस म्हणजे शेतकरी. एवढं कुठलीही साइट बरोबर सांगते. परीक्षा घ्यायची तर जरा खोडकर नाव हवं, आणि मेनंद्रोस तसं आहे. इंग्रजीतून ते आपल्याकडे मिनँडर होऊन आलं. त्याच्या कितीतरी शतकं आधी ते पालीत मिलिंद झालं होतं. म्हणजे ज्या नावाचा अर्थ आपण परदेशी साइटींवर धुंडाळतो, ते मराठी शाळेच्या हजेरीपटावरही सापडतं.

आधी बाळांची नावं सुचवणाऱ्या फुकट साइटी घेऊ. मेनंद्रोसचा अर्थ त्या एका ओळीत देतात आणि पुढे भाग्यांक, शुभ रंग, राशी यांचा रकाना भरतात. अर्थ साधारण असे: ‘पुरुषाचं बळ’, ‘सैनिक’, कधी ‘चंद्राचा’, आणि अगदीच हात वर केलेले असले तर ‘वळणं घेणारा’. चारही उत्तरं चुकीची आहेत, पण प्रत्येकाची चूक वेगळी आहे. ती नीट समजली की पुढे दुसरं कुठलंही ग्रीक नाव स्वतः तपासता येतं.

‘पुरुषाचं बळ’ हे उत्तर त्यातल्या त्यात जवळचं. नावाचा दुसरा भाग ‘अंद्रोस’ हा ‘अनेर’ म्हणजे पुरुष या शब्दापासून आलेला. त्याचं मूळ अंग ‘अन्र्’. न आणि र यांच्यामध्ये उच्चाराच्या सोयीसाठी द शिरतो आणि ‘अंद्र्’ होतं. आपला नृ, नर हा याच घराण्यातला शब्द. इथवर साइटी बरोबर असतात. घोळ होतो पहिल्या भागात. ग्रीकमध्ये ‘मेनोस’ म्हणजे आवेश, बळ. संस्कृत ‘मनस्’चा हा सख्खा भाऊ. आणि ‘मेनो’ हे क्रियापद आहे: टिकून राहणं, पाय रोवून उभं राहणं, समोरच्याला तोंड देणं. साइटी डोळे झाकून पहिला उचलतात. पण ग्रीक नावं घडवण्याची एक शिस्त आहे. ‘मेनोस’ नावात येतो तो बहुधा शेवटी, ‘-मेनेस’ या रूपात: क्लेओमेनेस, अनाक्सिमेनेस, एउमेनेस. (एउमेनेस म्हणजे अक्षरशः आपला सुमनस्, तुकड्याला तुकडा जुळतो.) सुरुवातीला ‘मेन-’ किंवा ‘मेने-’ असेल तर ते सहसा क्रियापद असतं: मेनेलाओस, मेनेमाखोस. होमरमध्ये ‘मेनेप्तोलेमोस’, म्हणजे युद्धात न हटणारा, असं विशेषणच आहे. तेव्हा मेनंद्रोसचा सरळ अर्थ ‘पुरुषांसमोर ठाम उभा राहणारा’. ‘सैनिक’ हे उत्तर याच अर्थाचं ओढूनताणून केलेलं भाषांतर.

‘चंद्राचा’ ही चूक रोमन लिपीची. ग्रीकमध्ये ए दोन आहेत: ऱ्हस्व एप्सिलॉन आणि दीर्घ ईटा. मेनंद्रोसमध्ये एप्सिलॉन आहे. आशिया मायनरमध्ये, म्हणजे आजच्या तुर्कस्तानात, ‘मेन’ नावाचा चंद्रदेव होता, त्याच्या नावात ईटा. त्या देवावरून पडलेली मेनोदोरोस, मेनोफिलोस, मेनोगेनेस ही नावं तिकडे भरपूर सापडतात. रोमन अक्षरांत दोन्हींचा ए सारखाच दिसतो, आणि यादी बनवणारा सगळ्यांना एकाच टोपलीत टाकतो. ‘वळणं घेणारा’ तर निव्वळ कानाची फसगत. मायअंद्रोस ही आशिया मायनरमधली नागमोडी नदी, तिच्यावरून इंग्रजीत वळणं घेण्याचा शब्द आला. तिच्या नावात पुरुषही नाही आणि उभं राहणंही नाही.

म्हणून कुठल्याही साइटीला पहिला प्रश्न हा विचारावा: नाव ग्रीक लिपीत, आघातचिन्हासह दिलं आहे का? मेनंद्रोसची नऊ अक्षरं अशी: म्यू, एप्सिलॉन, न्यू, आल्फा, न्यू, डेल्टा, रो, ओमिक्रॉन, सिग्मा. आघात एप्सिलॉनवर. शब्दाच्या शेवटी येणारा सिग्मा वेगळ्या आकाराचा असतो, मधला सिग्मा शेवटी चिकटवला असेल तर ते रूप कोणीतरी घाईत टंकलेलं आहे. ग्रीक रूपच नसेल तर त्या साइटीवरचा अर्थ वाचण्यात वेळ घालवू नये.

दुसरी चाचणी ‘मूळ’ या रकान्याची. योआनिस आणि कोन्स्तंतिनोस ही दोन नावं तिथे घालून पाहा. दोन्ही ग्रीसमध्ये घरोघरी आहेत, पण योआनिसचं मूळ हिब्रू योहानान, आणि कोन्स्तंतिनोस लॅटिन ‘कोन्स्तान्स’, म्हणजे स्थिर, यावरून आलेलं. साइट दोन्हींपुढे नुसतं ‘ग्रीक’ लिहीत असेल तर ती वापर आणि व्युत्पत्ती यांत फरकच करत नाही.

आणखी एक गोष्ट फुकट साइटी कधीच सांगत नाहीत. जोडनावाचा ‘अर्थ’ हा नेहमी आईबापांनी योजलेला अर्थ नसतो. ग्रीक घरांत मुलाला आजोबांचं नाव ठेवण्याची किंवा घराण्यातल्या नावांचे तुकडे नव्याने जोडण्याची रीत होती. आरिस्तोफानेसच्या ‘मेघ’ या नाटकात बाप मुलाला आजोबांचं फेइदोनिदेस हे नाव ठेवू पाहतो, त्यात काटकसरीचा भाव आहे. बड्या घरच्या आईला नावात ‘हिप्पोस’, म्हणजे घोडा, हवा असतो. तडजोड होते फेइदिप्पिदेसवर, आणि अर्थ निघतो घोड्यांची काटकसर करणारा! पुढे तोच मुलगा घोड्यांच्या नादात बापाला कर्जात बुडवतो. प्रेक्षक हसत होते, कारण हा खेळ घरोघरी चालायचा. तेव्हा दोन तुकडे जोडून सुबक वाक्य करणाऱ्या साइटीकडे जरा संशयानेच पाहावं.

आता कामाची सेवा. ऑक्सफर्ड विद्यापीठाचा ग्रीक व्यक्तिनामांचा कोश, इंग्रजी आद्याक्षरांनी एलजीपीएन. पीटर फ्रेझर यांनी १९७२ मध्ये ब्रिटिश अकादमीचा प्रकल्प म्हणून तो सुरू केला. पहिला खंड १९८७ चा: एजियन बेटं, सायप्रस आणि किरेनाइका. अथेन्सचा, म्हणजे ॲटिकाचा खंड १९९४ मध्ये आला, आणि पाचव्या खंडाचा तिसरा भाग, आशिया मायनरचा अंतर्भाग, २०१८ मध्ये. छापील खंड मोठ्या ग्रंथालयातच पाहावेत, विकत घेण्याची वस्तू ती नाही. ऑनलाइन शोध मात्र मोफत आहे.

या कोशाची खुबी अशी की तो नावांपेक्षा माणसांची मोजदाद करतो. शिलालेख, नाणी, पपायरस, ग्रंथ यांत आढळलेली प्रत्येक व्यक्ती, तिचं गाव, काळ, संदर्भ आणि माहीत असेल तर बापाचं नाव, अशी नोंद असते. ‘हे नाव इतिहासात कोणाचं होतं’ या प्रश्नाला एवढं प्रामाणिक उत्तर दुसरीकडे मिळणं कठीण. अथेन्सच्या खंडात मेनंद्रोस अनेक आहेत. त्यांतला प्रसिद्ध म्हणजे केफिसियाचा, दिओपेइथेसचा मुलगा, सुखात्मिका लिहिणारा नाटककार. त्याचं ‘दिस्कोलोस’ इसवी सनपूर्व ३१६ मध्ये स्पर्धेत पहिलं आलं. पुढे ते हरवलं आणि जवळजवळ पूर्ण रूपात हाती लागलं ते थेट विसाव्या शतकात, पपायरसवर.

कोश वापरताना पाय घसरण्याच्या जागा ठरलेल्या आहेत. एक, नोंद गावावार आहे, आणि गाव म्हणजे माणसाचं मूळ गाव. दगड सापडला ते ठिकाण नव्हे. अथेन्सचा माणूस दूरच्या बेटावर मेला तरी, मूळ माहीत असल्यास, तो ॲटिकातच मोजला जातो. दोन, छापील खंडांत शतकं छोट्या रोमन अंकांत असतात. इसवी सनपूर्व चौथं शतक म्हणजे ४०० ते ३०१. हा हिशोब उलटा धरला की शंभर वर्षांची चूक झालीच. तीन, षष्ठीचा घोटाळा. शिलालेखांत आणि नाण्यांवर नाव पुष्कळदा ‘मेनंद्रू’ असं दिसतं. ते वेगळं नाव नाही, ‘मेनंद्रोसचा’ असं षष्ठीचं रूप आहे. फुकट साइटींवर ‘इतर रूपं’ म्हणून जी यादी असते, तिच्यात असल्या विभक्त्या नावं म्हणून मिरवताना दिसतात. कोशात शोधायचं ते प्रथमेचं रूप.

आणि मुख्य म्हणजे या नोंदींत अर्थ नसतो. कितीतरी जण इथे येतात, अर्थ दिसत नाही म्हणून वैतागतात आणि परत शुभ रंगांच्या साइटीकडे वळतात. अर्थासाठी त्याच प्रकल्पाशी जोडलेली एलजीपीएन-लिंग ही वेगळी सेवा आहे (नाव वाचून हसू येईल, पण तो ‘लिंग्विस्टिक’चा आखूड अवतार आहे). तिथे नावाची फोड घटकांत केलेली मिळते. तीही जड वाटली तर लिडेल आणि स्कॉट यांचा ग्रीक शब्दकोश ऑनलाइन फुकट आहे. त्यात मेनंद्रोस शोधू नका, विशेषनामं तो सहसा घेत नाही. ‘मेनो’ आणि ‘अनेर’ हे दोन शब्द वेगवेगळे काढा आणि जोड आपली आपण लावा. दहा मिनिटांचं काम आहे.

आता या कोशातली मोठी फट, जी मराठी वाचकाला सर्वात आधी जाणवेल. आपल्या ओळखीचा मेनंद्रोस, वायव्य भारतावर इसवी सनपूर्व दुसऱ्या शतकात राज्य करणारा यवन, म्हणजे ग्रीक, राजा, या छापील खंडांत भेटत नाही. खंड प्रदेशांनुसार आहेत, आणि आजवर निघालेल्या खंडांत बॅक्ट्रिया (आजच्या अफगाणिस्तानाचा उत्तर भाग आणि आसपास) आणि भारत येत नाहीत. इजिप्तही नाही, तिथल्या ग्रीक नावांसाठी ल्यूव्हेनमधला त्रिस्मेगिस्तोस हा विदासंच पाहावा लागतो आणि त्यातल्या काही सोयींना वर्गणी आहे.

राजासाठी नाण्यांकडेच जावं. मोठ्या संग्रहालयांची नाण्यांची सूची ऑनलाइन चाळता येते, आणि या एका नावापुरती ती कोशापेक्षा सरस ठरते. त्याच्या द्विभाषिक चांदीच्या नाण्यावर एका बाजूला ग्रीकमध्ये ‘बासिलेओस सोतेरोस मेनंद्रू’ आणि दुसऱ्या बाजूला खरोष्ठी या वायव्य भारतातल्या जुन्या लिपीत ‘महरजस त्रतरस मेनंद्रस’ असं आहे. दोन्ही मजकूर षष्ठीत: त्राता महाराज मेनंद्र याचं. ग्रीक ‘सोतेर’चं भाषांतर ‘त्राता’ केलं, नावाला हात लावला नाही, फक्त ग्रीक प्रत्यय काढून प्राकृत प्रत्यय जोडला. अर्थाचं भाषांतर करायचं आणि नाव तसंच ठेवायचं, हे त्या टांकसाळीला कळत होतं.

पालीत गेल्यावर मात्र नाव बदललं. लागोपाठच्या दोन न-कारांपैकी पहिल्याचा ल झाला, शेवटचा र गळला (पालीत इंद्रचंही इंद होतं), आणि ‘मिलिंदपञ्हो’ या पाली ग्रंथात भिक्खू नागसेनाला प्रश्न विचारणारा राजा मिलिंद उभा राहिला. त्याची राजधानी सागल, आणि जन्म ‘अलसंद’ द्वीपातला, म्हणजे अलेक्झांड्रिया नावाच्या कुठल्यातरी शहराच्या परिसरातला. अलेक्संद्रोसमधलाही ‘अंद्रोस’ तोच. पुढे अरबीने त्यातला ‘अल’ हा आपला उपपद समजून वेगळा काढला आणि इस्कंदर, सिकंदर झाला. म्हणजे मिलिंद आणि सिकंदर या दोन नावांच्या शेपटीत एकच ग्रीक पुरुष लपला आहे. औरंगाबादला डॉ. आंबेडकरांच्या संस्थेने १९५० मध्ये सुरू केलेलं महाविद्यालय पुढे मिलिंद महाविद्यालय झालं, त्याचा परिसर नागसेनवन. तिथे हा राजाच अभिप्रेत आहे.

आता मराठी नावांच्या साइटीवर ‘मिलिंद’ घालून पाहा. ‘भुंगा’ असं उत्तर येतं, क्वचित ‘मधमाशी’. संस्कृत कोशात मिलिंद म्हणजे भुंगा आहेच, त्यामुळे ते चूक म्हणता येत नाही. पण अर्धंच आहे. एकाच ध्वनिरूपामागे दोन वेगळी नावं आहेत, आणि बहुतेक साइटी दुसऱ्याचा उल्लेखही करत नाहीत. ज्या करतात त्या ‘ग्रीक राजा’ लिहून थांबतात, मेनंद्रोसपर्यंत पोचत नाहीत.

नुसती कानाला बरी वाटणारी नावं चाळायची असतील तर फुकट साइटी पुरेत, अर्थाचा रकाना झाकून वाचाव्यात. नाव ठेवायचं ठरलं असेल, किंवा लेखात वापरायचं असेल, तर कोश, घटकांसाठी लिडेल-स्कॉट, आणि पूर्वेकडच्या राजांसाठी नाणी. देवनागरीत लिहिताना ‘मेनांद्रोस’पेक्षा ‘मेनंद्रोस’ बरं, कारण मधला आल्फा ऱ्हस्व आहे. आजच्या ग्रीकमध्ये डेल्टाचा उच्चार जीभ दातांना हलकेच लावून घासत होतो, द-ध या दोहोंपेक्षा वेगळा. आणि त्या माणसाला हाक मारायची झाली तर ‘मेनंद्रोस’ म्हणू नये. संबोधनात शेवटचा ‘-ओस’ जाऊन ‘-ए’ येतो: ‘मेनंद्रे!’